तुमचा रिपोर्ट जपणं कोणाकोणाला बंधनकारक आहे?
आमच्या लॅबच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक

दुसऱ्याचा रिपोर्ट न्यायला आलेल्याकडे आम्ही आता ज्याचा रिपोर्ट त्याच्या सहीची चिठ्ठी मागतो. चिठ्ठी नसेल तर पाकीट देत नाही. पाटणबोरी, झरी, मारेगावकडून एसटीने पांढरकवड्याला आलेल्या माणसाला हे जाचक वाटतं, हे आम्हाला कळतं. पण असं का करतो, ते आधी सांगतो.

काही वर्षांपूर्वी एक मुलगी सिकलसेलच्या, म्हणजे आई-वडिलांकडून येणाऱ्या रक्ताच्या आजाराच्या, तपासणीला आली. रिपोर्टमध्ये 'एएस' आलं. म्हणजे ती वाहक होती, आजारी नव्हती. दोन दिवसांनी तिच्या गावचा एक जण बाजाराला आला आणि "माह्याजवळ द्या, नेऊन देतो" म्हणाला. आमच्या मुलाने पाकीट दिलं. त्याला नुसती एक पिन मारलेली होती. संध्याकाळी ते पानठेल्यावर उघडलं. 'एएस'चा अर्थ तिथे कोणालाच ठाऊक नव्हता, पण "पोरीला सिकल आहे" हे रात्रीपर्यंत गावभर झालं आणि ठरत आलेली सोयरीक मोडली. तिची आई काउंटरवर आली आणि एकच बोलली, "भाऊ, तिचा कागद दुसऱ्याच्या हाती देल्लाच काऊन?" चूक आमचीच होती.

कायद्याने कोण कोण बांधलेलं आहे, हे त्यानंतर आम्ही नीट वाचून काढलं.

पहिले डॉक्टर. भारतीय वैद्यक परिषदेच्या २००२ च्या आचारसंहितेप्रमाणे नोंदणीकृत डॉक्टरला रुग्णाचं गुपित फोडता येत नाही. न्यायाधीशांचा आदेश असेल, एखाद्या ठरावीक माणसाला किंवा वस्तीला गंभीर धोका असेल किंवा शासनाला कळवायलाच हवा असा आजार असेल, एवढेच अपवाद. रिपोर्टवर सही करणारे पॅथॉलॉजिस्टही डॉक्टरच, म्हणून हे त्यांनाही लागू आहे.

पण काउंटरवरचा मुलगा, टेक्निशियन, गावोगावी रक्त गोळा करणारा आमचा माणूस, हे डॉक्टर नाहीत. त्यांचं काय? इथे २०२३ चा डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा येतो. तुमची माहिती कॉम्प्युटरवर किंवा मोबाइलवर ठेवणारा दवाखाना, लॅब, मेडिकल दुकान, विमा कंपनी, आरोग्याचं ॲप, सगळे त्यात येतात. लॅब लहान म्हणून सुटका नाही. नोकराच्या हातून माहिती फुटली तरी जाब मालकाला द्यावा लागतो. आमचं सॉफ्टवेअर बाहेरच्या कंपनीचं आहे, तरी तुमच्यापुढे जबाबदार आम्हीच. माहिती सुरक्षित ठेवण्यात कसूर झाली तर दंडाची मर्यादा २५० कोटी रुपयांपर्यंत आहे. या कायद्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये निघाले. आमच्यासारख्यांवरची मुख्य बंधनं त्यानंतर १८ महिन्यांनी लागू व्हायची आहेत. आम्ही तोवर थांबलेलो नाही.

या कायद्यात दोन मोठ्या फटी आहेत. नुसत्या कागदी रजिस्टरला तो लागू नाही. कागदावरची माहिती कॉम्प्युटरवर चढवली की लागू होतो. दुसरी फट आपल्या गावांसाठी जास्त महत्त्वाची आहे. घरगुती, खासगी कामासाठी माहिती वापरणाऱ्या माणसाला हा कायदा धरत नाही. तुमच्या चुलतभावाने रिपोर्टचा फोटो भाऊबंदांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला, तर या कायद्याखाली त्याला बहुधा काही होणार नाही. म्हणून पाकीट आमच्या हातून सुटतं तो क्षण आम्ही सगळ्यात जास्त जपतो.

एचआयव्हीची गोष्ट वेगळी. २०१७ चा स्वतंत्र कायदा १० सप्टेंबर २०१८ पासून लागू आहे आणि तो दवाखान्यापुरता नाही. विश्वासाने कळलेली दुसऱ्याची एचआयव्हीची स्थिती संमतीशिवाय कोणीच उघड करायची नाही, असं तो सांगतो. नोकरी देणाऱ्याला किंवा शाळेला त्यावरून भेदभाव करता येत नाही. मानसिक आजाराच्या रुग्णांनाही २०१७ च्याच मानसिक आरोग्यसेवा कायद्याने गोपनीयतेचा हक्क दिलेला आहे.

टीबीचं मात्र आम्हाला कळवावंच लागतं. रुग्ण सापडला की सरकारच्या निक्षय यंत्रणेत नोंद करणं डॉक्टर आणि लॅब दोघांवरही बंधनकारक आहे. ही नोंद आरोग्य विभागाकडे जाते, सरपंचाकडे किंवा शेजाऱ्याकडे नाही. तिच्यामुळेच औषधं फुकट मिळतात आणि पोषणाचे पैसे खात्यात येतात, तेव्हा घाबरून खोटं नाव देऊ नका.

काही ॲपवर 'हिपा' असं लिहिलेलं दिसतं. तो अमेरिकेचा १९९६ चा कायदा आहे. तिथल्या आरोग्य विमा योजना, बिलांची माहिती ठरावीक साच्यात बसवून पुढे पाठवणाऱ्या संस्था, असे व्यवहार कॉम्प्युटरवरून करणारे डॉक्टर-दवाखाने आणि या सगळ्यांसाठी काम करणारे यांना तो लागू होतो. अमेरिकन दवाखान्यांची बिलं करणाऱ्या भारतातल्या ऑफिसलाही तो करारातून पाळावा लागतो. पण तुमचा इथला रिपोर्ट त्याने जपला जात नाही.

आता आमची पद्धत. पाकीट चिकटवून, जोडावर शिक्का मारून देतो. सिकलसेल, एचआयव्ही आणि गर्भारपणाचे रिपोर्ट ज्याचे त्यालाच. लहान मुलांचे आई-वडिलांना. व्हॉट्सॲपवर हवा असेल तर नमुना देतानाच तुमचा नंबर लिहून द्या, फोनवर सांगितलेल्या दुसऱ्या नंबरवर पाठवत नाही. ठेकेदार किंवा विमा एजंट मागायला आला तर तुमची सही असल्याशिवाय देत नाही. सोयरिकीआधी मुलगा-मुलगी दोघांनीही सिकलसेल तपासून घ्यावं, असं आम्ही स्वतः सांगतो, कारण दोघंही वाहक असतील तर प्रत्येक गर्भारपणात बाळाला आजार होण्याची शक्यता २५ टक्के असते. पण ते समोरच्या घरी कधी आणि कसं सांगायचं, हे त्या दोघांनी ठरवायचं.

बाकीच्या रिपोर्टसाठी दुसऱ्या कोणाला पाठवायचं झालं तर साध्या कागदावर त्याचं नाव, तुमचं नाव, पावती नंबर आणि तुमची सही. सही येत नसेल तर नमुना देतानाच न्यायला येणाऱ्याचं नाव सांगा, आम्ही ते पावतीवर लिहून तुमचा अंगठा घेतो. पावती हरवली तरी चालेल, आधार कार्ड आणा.