पार्श्वभूमी : मॅथ्यू हेन्सन, आणि मुलांना न सांगितलं जाणारं एक वाक्य

आपल्याकडच्या जीके गाइडात हा विषय अजूनही एका ओळीत संपतो. उत्तर ध्रुवावर पहिला कोण पोचला, रॉबर्ट पेरी, १९०९, पुढचा प्रश्न. तो खरंच पोचला का, आपण त्याच्याही आधी पोचलो म्हणणाऱ्या फ्रेडरिक कुकचा दावा काय होता, हे सगळं भांडण बहुतेकांनी कुठे ना कुठे वाचलेलं असतं त्यामुळे त्यात शिरत नाही.

अमेरिकेत मात्र गेली कित्येक वर्षं फेब्रुवारी, म्हणजे कृष्णवर्णीय इतिहासाचा महिना, आला की प्राथमिक शाळांच्या भिंतीवर दुसराच चेहरा लागतो, फरच्या टोपीतला, पेरीबरोबर गेलेल्या कृष्णवर्णीय मॅथ्यू हेन्सनचा. तिकडच्या मराठी घरांतही त्याचं पोस्टर बनतं. माझ्या भाचीची मुलगी मेरीलँडला तिसरीत आहे, तिला त्याच्यावर पाच वाक्यं लिहायची होती आणि तिने ती व्हिडिओ कॉलवर वाचून दाखवली. गरीब घरात जन्मला, लहानपणी बोटीवर गेला, नॉर्थ पोलला गेला, तो ब्लॅक होता म्हणून लोक त्याला विसरले, मग त्याला मेडल मिळालं. चूक असं काहीच नाही. पण ते चौथं वाक्य आहे ना, "लोक विसरले", तिथेच सगळी गोम आहे. विसरायला आधी लक्षात असावं लागतं, आणि ज्यांच्या लक्षात होता ते कधी विसरलेच नाहीत. १९०९ च्या ऑक्टोबरातच न्यूयॉर्कच्या कृष्णवर्णीय नागरिकांनी त्याला जेवण देऊन सत्कार केला होता. बाकीच्यांनी त्याला बाजूला ठेवलं ते कारण देऊन, आणि ते कारण छापलेलं आहे, कोणीही काढून वाचावं.

आधी माणूस थोडक्यात. जन्म १८६६, मेरीलँड, आईबाप लवकर गेले, बाराएक वर्षांचा असताना व्यापारी जहाजावर लागला आणि तिथल्या कप्तानाने त्याला लिहायला वाचायला शिकवलं. १८८७ मध्ये वॉशिंग्टनमधल्या एका टोप्यांच्या दुकानात कामाला होता, पेरी तिथे आला आणि निकाराग्वाच्या कालव्याच्या सर्व्हेसाठी त्याला घेऊन गेला. कशासाठी, तर कपडे-सामान-जेवण बघायला. पुढे १८९१ पासून पेरीच्या आर्क्टिकच्या प्रत्येक मोहिमेत तो होता.

या पहिल्या नोकरीच्या शब्दाने त्याचा शेवटपर्यंत पिच्छा सोडला नाही. इंग्रजीत कधी व्हॅले, म्हणजे खासगी नोकर, कधी असिस्टंट, कधी नुसतं पेरीचा कलर्ड माणूस. मराठीत सांगायला बसलं की आणखी पंचाईत. नोकर म्हणावं तर १८८७ ला खरं आणि १९०९ ला साफ खोटं. गडी म्हटलं तर डोळ्यासमोर भलतंच चित्र येतं, मदतनीस म्हणजे अंगणवाडी आठवते, आणि सहकारी म्हटलं की जे नव्हतंच ते बहाल केल्यासारखं होतं, कारण पेरीने त्याला बरोबरीने कधी वागवलंच नाही. हा माणूस स्लेज स्वतः बांधायचा, कुत्री हाकायचा, इन्युइट (एस्किमो) लोकांची भाषा बोलायचा, नवीन आलेल्या गोऱ्या मंडळींना स्लेज हाकायला तोच शिकवायचा. १८९९ च्या जानेवारीत पेरीचे पाय गोठले तेव्हा बूट यानेच कापून काढले आणि आतली बोटं गेलीत हे पहिल्यांदा यानेच पाहिलं. मी तरी आता सरळ "मोहिमेतला हेन्सन" म्हणतो, बाकीच्यांना आपण कुठे बिरुद लावतो.

आता ते कारण. १९०९ च्या मोहिमेत कॅनडाच्या उत्तर टोकाच्या केप कोलंबियाहून चोवीस माणसं, एकोणीस स्लेज आणि १३३ कुत्री निघाली. पद्धत अशी की पुढच्या तुकड्या वाट करून देणार, सामान पोचवणार आणि एकेक करून मागे फिरणार, शेवटी थोडेच पुढे जाणार. एकामागून एक सगळे गोरे मागे गेले आणि सगळ्यात शेवटी जहाजाचा कप्तान बार्टलेट, १ एप्रिलला, ८७ अंश ४७ मिनिटांच्या आसपास, म्हणजे ध्रुव सुमारे १३३ सागरी मैलांवर राहिला असताना. पुढे गेले पेरी, हेन्सन आणि चार इन्युइट, ऊटाह, एगिंग्वा, सीग्लू आणि ऊक्वेआ. बार्टलेट चांगला दर्यावर्दी, सूर्य मोजून जागा काढू शकणारा, आणि त्यालाच परत पाठवलं. म्हणजे पेरीचं मोजमाप दुसऱ्या कोणी तपासायची सोयच उरली नाही. पोचले की नाही हा वाद इतकी वर्षं चाललाय त्याचं एक मोठं कारण हा निर्णय.

हेन्सनलाच का नेलं, याचं उत्तर पेरीने १९१० च्या आपल्या पुस्तकात स्वतः दिलंय. आधी स्तुती. इन्युइट सोडले तर स्लेज आणि कुत्री याच्याइतकी कोणाला जमत नाहीत. लगेच पुढे, पण त्याच्यावर तुकडी सोपवून परत पाठवलं असतं तर गोऱ्या सदस्यांइतक्या खात्रीने ती जमिनीवर पोचली नसती, कारण बार्टलेट, मार्व्हिन आणि इतर दोघांसारखं धाडस आणि स्वतःहून पुढाकार घेण्याची वृत्ती त्याला वंशानेच मिळालेली नाही. म्हणून अशा जबाबदारीत त्याला ढकलणं योग्य नाही, असा सूर. परत वाचा. सगळ्यात कुशल माणूस म्हणून पुढे नेला, आणि एकटा परत येण्याच्या लायकीचा नाही म्हणूनही पुढे नेला. आणि हे अशा माणसाबद्दल ज्याच्याबरोबर त्याची बावीस वर्षं गेली.

त्या यादीतला मार्व्हिन परतीच्या वाटेवरच मेला, जहाजावर पोचलाच नाही. यावरून मार्व्हिनबद्दल काही सिद्ध होत नाही, बर्फात कोणीही मरू शकतं. पण पेरी हे लिहीत होता तेव्हा त्याला ते माहीत होतं, तरी वंशाचा हिशोब त्याने जसाच्या तसा छापला.

दुसरं उत्तर १९११ चं. अमेरिकन संसदेच्या समितीपुढे विचारलं गेलं की बार्टलेटला का नाही नेलं, तर त्याने साधारण असं सांगितलं की आयुष्यभराच्या धडपडीनंतर हे श्रेय एखाद्या तरुण माणसाबरोबर वाटून घ्यायची इच्छा नव्हती, तो कितीही लायक असला तरी. माझ्या मते हे उत्तर आधीच्यापेक्षा जास्त बोलकं आहे. कारण हेन्सन शेजारी उभा असताना श्रेय वाटायचा प्रश्नच येत नाही असं धरलेलं आहे ना त्यात. काही लोक म्हणतात पेरी त्या काळाचा माणूस होता, हे छापून त्याने निदान हेन्सनचं कौशल्य तरी कबूल केलं. असेल. पण आठ वर्षांच्या पोराला प्रेजुडिस म्हणजे काय हे सांगायचं तर दुष्ट माणूस शिव्या देतोय असं चित्र काढून भागत नाही, इथे तर कौतुकाच्या वाक्यातच तो बसलाय, आणि नेमकं तेच वर्कशीटवर येत नाही.

हेन्सनचं म्हणणं वेगळं होतं. तो पुढे होता, त्याच्या पावलांचे ठसे आधी पोचले, आणि हे कळल्यावर पेरी त्याच्याशी धड बोललाही नाही, असं त्याने नंतर सांगितलं. १९१२ मध्ये त्याचं पुस्तक आलं, प्रस्तावना पेरीची. १९१३ पासून न्यूयॉर्कच्या कस्टम्समध्ये नोकरी, १९३६ ला रिटायर. साहसवीरांच्या एका नामवंत क्लबने त्याला १९३७ मध्ये आत घेतलं, तेव्हा सत्तर पार झालेला. संसदेचं मेडल १९४४ चं, सगळ्या सदस्यांना एकसारखं. १९५५ ला गेला.

शाळेत तो कधी आला हे पाहायचं तर सुरुवात १९२६ च्या फेब्रुवारीतल्या कृष्णवर्णीय इतिहासाच्या आठवड्यापासून करावी लागते, तो मुख्यतः त्यांच्याच शाळांमधून रुजला. १९६१ मध्ये मेरीलँडच्या विधानभवनात त्याच्या नावाचा फलक लागला. १९६० च्या दशकाच्या शेवटी कॉमिक आलं. १९७६ ला आठवड्याचा महिना झाला, सरकारी मान्यता मिळाली, आणि मग गोऱ्या मुलांच्या वर्गातही त्याचं पोस्टर लागायला लागलं. नंतर रांगच लागली. १९८६ ला पोस्टाचं तिकीट, पेरीबरोबर. १९८७ मध्ये एका प्राध्यापकाने हेन्सनचा एक आणि पेरीचा एक, असे ग्रीनलँडमध्ये वाढलेले दोन मुलगे अमेरिकेत आणले, दोघेही ऐंशीच्या घरातले. प्राथमिकच्या पुस्तकांत ही मुलं सहसा येत नाहीत, ती लग्नाबाहेर झालेली होती. १९८८ च्या ६ एप्रिलला हेन्सनचे अवशेष न्यूयॉर्कच्या दफनभूमीतून काढून आर्लिंग्टनच्या राष्ट्रीय दफनभूमीत पेरीशेजारी पुरले. पेरीला १९०६ मध्ये आणि बार्टलेटला १९०९ मध्ये नॅशनल जिओग्राफिकचं जे मेडल मिळालं होतं ते २००० साली हेन्सनला, मरणोत्तर. भाचीच्या मुलीच्या पाचव्या वाक्यातलं मेडल बहुधा हेच, पण तारीख लिहिली नव्हती आणि तारखेशिवाय ते वाचलं की म्हाताऱ्याच्या गळ्यात कोणीतरी घातलं असं वाटतं. मी तिला म्हटलं तारीख लिही, तर म्हणाली आजोबा, जागा नाहीये. २०२१ मध्ये चंद्राच्या दक्षिण ध्रुवाजवळच्या विवरालाही त्याचं नाव मिळालं.

त्याच वर्षापासून तिकडच्या बऱ्याच राज्यांनी वर्गात वंशाबद्दल काय बोलायचं यावर कायदे केले, कोणा मुलाला आपल्या वंशामुळे अपराधी वाटेल असं शिकवू नये वगैरे. पोस्टर यात अडकत नाही, शूर माणूस, पुढे मेडल, छान. पेरीचा तो परिच्छेद वर्गात मोठ्याने वाचायचा म्हटलं तर मात्र शिक्षक दोनदा विचार करणार.

आणि एक गोष्ट मला खटकते. एप्रिल १९०९ मध्ये ध्रुवाच्या वाटेवर बर्फाचा तुकडा सरकला आणि हेन्सन पाण्यात गेला. ऊटाहने त्याला मानगूट धरून वर ओढलं, ओले बूट काढले आणि अस्वलाच्या कातड्याच्या चड्डीवरचा बर्फ झटकून काढला. हेन्सनने हे स्वतः लिहून ठेवलंय. ऊटाहचं नाव प्रत्येक पुस्तकात वेगळं, कुठे ओडाक, बऱ्याच ठिकाणी नुसतं "चार एस्किमो". भाचीच्या मुलीच्या पाच वाक्यांत तोही नव्हता.