ऊरा लिंडा ग्रंथ

नेदरलँड्सच्या फ्रीसलंड प्रांतात एकोणिसाव्या शतकात उजेडात आलेले बनावट हस्तलिखित. ऊरा लिंडा या प्राचीन घराण्याने पिढ्यान्‌पिढ्या जपलेली पवित्र पोथी म्हणून ते पुढे आले. त्यातील परंपरा इ.स.पू. २१९४ पर्यंत मागे नेलेली आहे. सृष्टीची उत्पत्ती, कायदे आणि समुद्रप्रवासाच्या कथा तर त्यात आहेतच. शिवाय अक्षरे कोठून आली, लिहायला कोणी शिकवले आणि इतर लोकांची लिपी का बिघडली, याचीही कथा त्यात आहे. हस्तलिखित आता लेवार्डन येथील ट्रेसोआर या संस्थेत आहे.

पोथीच्या सुरुवातीलाच दोन पत्रे आहेत. पहिले हिड्डे ऊरा लिंडा याने आपल्या मुलाला लिहिलेले. त्यावर अटलंड नावाची भूमी बुडाल्यापासूनचे ३४४९ वे, म्हणजे ख्रिस्ती गणनेने १२५६ वे वर्ष घातले आहे. पुरात मूळ पोथी भिजली, म्हणून परदेशी कागदावर नक्कल करून ठेवतो आहे, असे तो सांगतो. दुसरे पत्र ८०३ मधले, लिको ऊरा लिंडा याचे. या लिखाणावर मठवासी साधूंची नजर कधीही पडू देऊ नका, अशी विनवणी त्यात आहे. ही दोन पत्रे रचण्यात मोठे कसब आहे. इतका जुना ग्रंथ तुलनेने नव्या कागदावर का, आणि आजवर कोणाच्या कानी का नाही, हे दोन्ही प्रश्न वाचकाच्या मनात येण्याआधीच मिटवून टाकलेले आहेत.

मूळ कथेत वराल्डा हे आदितत्त्व. त्याच्यापासून काळ, मग पृथ्वी आणि पृथ्वीपासून लिडा, फिंडा व फ्रिया या तीन कुमारिका जन्मल्या. लिडा काळी, फिंडा पिवळी, फ्रिया गोरी. तिघींपासून तीन मानववंश निघाले आणि त्यांत फ्रियाची लेकरे, म्हणजे फ्रिजियन (फ्रीसलंडचे लोक), स्वतंत्र वृत्तीची व सत्यप्रिय, अशी मांडणी आहे. हा वंशभेद ग्रंथाच्या गाभ्यातच आहे. पुढे त्याचा जो वापर झाला त्याचे बीज इथेच आहे, म्हणून तो नजरेआड करून हा ग्रंथ समजून घेता येत नाही.

फ्रियाने आपल्या लोकांना ‘टेक्स’ नावाचे नियम दिले आणि ते गढ्यांच्या भिंतींवर कोरले गेले. त्यासाठी लागणारी अक्षरे तिने ‘योल’ या चिन्हातून घडवली. योल म्हणजे सहा आऱ्यांचे चाक. ते वराल्डाचे आणि काळाच्या आरंभाचे प्रतीक मानलेले आहे. चाकाच्या परिघाचे व आऱ्यांचे तुकडे घेतले की प्रत्येक अक्षर तयार होते, आणि हस्तलिखितात अशी चाके रेखाटून त्यांत अक्षरे बसवून दाखवली आहेत. ही झाली उभी लिपी. धावती लिपी फास्टा या लोकमातेने, म्हणजे लोकांच्या प्रमुख स्त्रीने, काढली. अंकही याच चाकातून आले, असे ग्रंथ म्हणतो.

पुढचा भाग सर्वांत बोलका आहे. फिंडानेही एक लिपी काढली होती, पण ती इतकी नक्षीदार व फुगवलेली होती की तिच्याच वंशजांना लवकरच तिचा अर्थ कळेनासा झाला. नंतर टायर या भूमध्य सागरावरील प्राचीन बंदराच्या आणि ग्रीसच्या लोकांनी फ्रियाची अक्षरे उचलली. पण ती योलमधून आली आहेत आणि सूर्यासारखी गोल काढायची असतात, हे त्यांना ठाऊक नव्हते. शिवाय त्यांना काही ना काही लपवायचे असे, म्हणून त्यांनी लिपी मुद्दाम अवघड केली. परिणामी त्यांच्या मुलांना वाडवडिलांचे लेखन वाचता येईना. फ्रियाच्या लोकांचे सर्वांत जुने लेखन मात्र काल लिहिल्यासारखे सहज वाचता येते, असा ग्रंथाचा अभिमान आहे.

म्हणजे सुवाच्यता हीच सत्याची आणि पावित्र्याची खूण ठरते. ही कल्पना मोहक आहे, आणि तिचा रचणाऱ्यांना दुहेरी फायदा झाला. हजारो वर्षांत भाषा जवळपास बदललीच नाही हा अशक्य दावा एरवी ग्रंथाची कमजोरी ठरला असता. इथे तोच धर्माचा भाग होऊन बसतो. जी भाषा बोलली जाते ती बदलते, आणि चारशे वर्षांपूर्वीचे लेखनही टिपांवाचून समजत नाही, हे कोणत्याही भाषेच्या अभ्यासकाला ठाऊक असते. पण भाषा बदलते ती पापामुळे, असे एकदा मानले की हे ज्ञान निरुपयोगी होते.

भारतीय वाचकाने अंकांचा दावा विशेष पाहावा. हस्तलिखितातील अंकांत शून्य आहे आणि त्यांची वळणे आजच्या युरोपीय अंकांसारखी आहेत. शून्यासह स्थानमूल्याची ही पद्धत भारतातून अरबांमार्फत युरोपात मध्ययुगात पोहोचली. ग्रंथाने ती हजारो वर्षे आधीच फ्रीसलंडच्या पदरात टाकली आहे. कथेत भारतही येतो. गेर्ट या स्त्रीच्या नेतृत्वाखाली काही फ्रिजियन पंजाबात जाऊन वसले आणि सिकंदराच्या आरमाराबरोबर परत फिरले, असे त्यात सांगितले आहे. ही कल्पना मात्र नवी नव्हती. फ्रिजियनांचा मूळपुरुष फ्रिसो भारतातून आला, ही दंतकथा सोळाव्या शतकापासून तिथल्या इतिहासलेखनात रुळलेली होती. ग्रंथाने तिचा नुसता पुढचा धागा ओढला.

१८६७ मध्ये डेन हेल्डर येथील नौदलाच्या गोदीतील कॉर्नेलिस ओव्हर दे लिंडन (१८११–१८७४) यांनी ही पोथी आपल्या घराण्यातून वारशाने आल्याचे सांगून वाचायला मदत मागितली. ती लेवार्डनचे प्रांतिक ग्रंथपाल एल्को फेरवाइस यांच्याकडे आली. पुढे तिथलेच शिक्षक व अभ्यासक यान ऑटेमा (१८०४–१८७९) यांचा तिच्यावर मनापासून विश्वास बसला आणि त्यांनी १८७२ मध्ये डच भाषांतरासह ती छापली. विल्यम सँडबाख यांचे इंग्रजी भाषांतर १८७६ मध्ये निघाले. पण त्याच वर्षी डच भाषाभ्यासक बेकरिंग फिंकर्स यांनी भाषेच्या आधारे ग्रंथ बनावट असल्याचे दाखवून दिले. जुन्या फ्रिजियन भाषेचे व्याकरण त्यात सांभाळलेले नाही आणि एकोणिसाव्या शतकातील डच शब्दप्रयोग जागोजाग डोकावतात. कागदही यंत्रावर बनवलेला, एकोणिसाव्या शतकातला, मुद्दाम जुनाट रंग दिलेला निघाला. अक्षरांच्या दैवी जन्माची कथा सांगणाऱ्या पोथीचे बिंग अखेर तिच्या भाषेनेच फोडले.

ऑटेमा यांनी शेवटपर्यंत माघार घेतली नाही. १८७९ मध्ये त्यांनी आत्महत्या केली. त्यांना भोळे म्हणून निकालात काढणे अन्यायाचे होईल. आपल्या छोट्या भाषेला कोणी मान देत नाही याचे दुःख ज्यांना असते, त्यांच्यापुढे असा ग्रंथ आला तर तो किती ओढून घेत असेल, हे समजून घ्यायला हवे.

ग्रंथ कोणी रचला याचे सर्वांत सविस्तर उत्तर गॉफे येन्स्मा यांच्या २००४ मधील ग्रोनिंगन विद्यापीठाच्या प्रबंधात आहे. त्यांच्या मते मुख्य लेखक होते कवी व धर्मोपदेशक फ्राँस्वा हावरश्मिट (१८३५–१८९४), आणि ओव्हर दे लिंडन व फेरवाइस हे त्यांचे साथीदार. हावरश्मिट उदारमतवादी गटाचे होते. बायबलचा शब्द न् शब्द ऐतिहासिक सत्य मानणाऱ्यांना, एखादा ग्रंथ पवित्र कसा ठरतो हे दाखवण्यासाठी त्यांनी ही रचना केली. थोड्या काळाने मुखवटा काढायचा बेत होता. ऑटेमांसारख्या विद्वानाने ग्रंथ खरा धरल्यावर तो काढणे अवघड झाले आणि मग कोणीच पुढे आले नाही. येन्स्मांची ही मांडणी पटण्यासारखी आहे. ग्रंथातील काही व्युत्पत्त्या इतक्या उघड शब्दखेळाच्या आहेत की त्या चाणाक्ष वाचकासाठी मुद्दाम ठेवलेल्या खुणा वाटतात. नेपच्यून देव हा खरे तर ‘नेफ टेउनिस’, म्हणजे टेउनिस नावाचा चुलतभाऊ, ही त्यांतलीच एक.

विसाव्या शतकात या ग्रंथाचे जे झाले ते भयंकर आहे. डच-जर्मन अभ्यासक हेर्मान व्हिर्ट यांनी १९३३ मध्ये त्याचे जर्मन भाषांतर काढून उत्तरेकडील आदिधर्माचा पुरावा म्हणून ते गाजवले. १९३४ मध्ये बर्लिन विद्यापीठात त्यावर जाहीर वाद झाला आणि अनेक जर्मन विद्वानांनी ग्रंथ बनावट ठरवला. तरी नाझी नेता हाइनरिख हिमलर याला तो भावला. १९३५ मध्ये त्याने आणि व्हिर्ट यांनी ‘आनेनएर्बे’ या संशोधनसंस्थेची स्थापना केली. गोऱ्या फ्रियाच्या लेकरांना मिळालेली पहिली अक्षरे ही कथा तिथे वंशश्रेष्ठत्वाच्या कामी आली. महायुद्धानंतरही बुडालेल्या खंडांच्या शोधातील लेखक तिचा आधार घेत राहिले. येन्स्मा यांनी २००६ मध्ये हस्तलिखिताची छायाप्रत, लिप्यंतर आणि भाषांतर एकत्र प्रसिद्ध केले.