पाणी सोडलंय म्हणे! ऐकीव बातमीच्या गणिताची पार्श्वभूमी

जुलै-ऑगस्ट आला की सांगलीत विषय एकच, कोयना धरणातून किती सोडलं आणि कृष्णेवरच्या आयर्विन पुलाला पाणी किती फूट झालं. ४० ला इशारा, ४५ ला धोका, आणि २०१९ ला ५७ च्या पुढं गेलेलं पाणी ज्यानं बघितलंय त्याला तर "वाढतंय म्हणे" एवढं ऐकलं तरी सामान माळ्यावर टाकावंसं वाटतं. सांगणाऱ्यावर किती विश्वास ठेवायचा हे आकड्यात मांडायची खटपट मात्र तीनशे वर्षं जुनी आहे, आणि तिच्यातले मोठे वाद झाले ते पुरावरून नाही तर देवाधर्मावरून, चमत्कारांवरून.

आपल्या न्यायसूत्रातही (तर्कशास्त्राचा जुना संस्कृत ग्रंथ) आप्ताचं, म्हणजे भरवशाच्या माणसाचं, सांगणं प्रमाण धरलंय, म्हणजे सांगणारा कोण ते बघा. पण तो किती टक्के आप्त हा हिशोब तिथं नाही. तो १६९९ ला लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात आला, लेखकाचं नाव न देता (जॉर्ज हूपर नावाच्या धर्मगुरूनं लिहिला असं मानतात). त्याचं म्हणणं सरळ होतं. बातमी एकाकडून दुसऱ्याकडं, दुसऱ्याकडून तिसऱ्याकडं गेली तर भरवसा गुणत जायचा, म्हणजे दहात नऊ वेळा बरोबर सांगणारी पाच माणसं ओळीत असली की उरतात ५९ टक्के. आणि दोघांनी वेगवेगळं येऊन तेच सांगितलं तर शंका गुणायची, मग भरवसा होतो ९९ टक्के. दिसायला झकास, पण या सूत्रात बातमी काय आहे हे कुणी विचारतच नाही! "आज ढग आहेत" आणि "पूल वाहून गेला" दोन्हीला सारखाच भाव.

ही फट डेव्हिड ह्यूम या स्कॉटिश तत्त्वज्ञानं १७४८ ला दाखवली, गणित न करता. घटना जितकी अशक्य, तितका साक्षीदार भक्कम पाहिजे, म्हणून चमत्कारावर विश्वास ठेवू नका. १७६१ ला थॉमस बेझ हा इंग्रज धर्मगुरू-गणिती वारला, पुराव्यावरून शक्यता कशी काढायची यावरचा त्याचा निबंध त्याचा मित्र रिचर्ड प्राइसनं १७६३ ला उजेडात आणला, आणि याच प्राइसनं १७६७ ला ह्यूमला उत्तर दिलं: अहो, लॉटरीत ठराविक एक नंबर लागणं पण जवळपास अशक्यच असतं, तरी पेपरात छापून आला की आपण मानतोच की.

मग बरोबर कोण? माझ्या मते या सगळ्या इतिहासातली खरी मजा इथं आहे, आणि ती फ्रेंच गणिती लाप्लासनं १८१४ ला सोडवून दाखवली. भांड्यात १००० नंबर, एक काढला, दहात नऊ वेळा खरं बोलणारा साक्षीदार म्हणतो ७९ निघाला. खोटं बोलायचं असतं तर त्याच्यापुढं ९९९ चुकीचे नंबर होते, त्यातला नेमका ७९ च कशाला घेईल, म्हणून भरवसा ९/१० च राहतो. आता भांड्यात ९९९ काळे गोळे आणि एक पांढरा, तोच माणूस म्हणतो पांढरा निघाला. इथं खोटं बोलायला एकच शब्द आहे. काळा निघून "पांढरा" म्हणण्याचा संभव खऱ्या पांढऱ्याच्या १११ पट, म्हणजे बातमी खरी असण्याची शक्यता ११२ त १. माणूस तोच, ९/१० तेच, पण खोटं बोलताना तो काय बोलला असता यावर सगळं फिरलं.

हेच आयर्विनला लावून बघा. समजा पावसाळ्यातल्या १००० दिवसांत २० दिवस पाणी धोक्याच्या वर असतं आणि आपला दहात नऊवाला "वर गेलंय का" याचं फक्त हो-नाही सांगतो. खऱ्या २० पैकी १८ ला तो हो म्हणेल, उरलेल्या ९८० पैकी ९८ ला उगाच हो म्हणेल. म्हणजे त्याचं "हो" ११६ त १८ वेळा खरं, साधारण १५-१६ टक्के. पण काल रात्रीच पाणी ४४ फुटांवर होतं आणि धरणाचे दरवाजे उघडेच आहेत, वर जायची शक्यता निम्मी धरली, तर त्याच "हो" ची किंमत ९० टक्के.

लोकांना हे उपजत येत नाही. १९७० च्या दशकात टव्हर्स्की आणि काहनेमन या मानसशास्त्रज्ञांनी विचारलं: गावात ८५ टक्के टॅक्सी हिरव्या, १५ टक्के निळ्या, ८० टक्के वेळा रंग बरोबर ओळखणारा साक्षीदार म्हणतो धडक देणारी निळी होती. बहुतेकांचं उत्तर ८०, हिशोबानं येतं ४१.

आणि गणितवाल्यांचं तरी एकमत होतं का? १९३० च्या दशकात एडिंग्टन या इंग्रज खगोलशास्त्रज्ञाच्या एका कोड्यावरून चांगलीच जुंपली. अ, ब, क, ड चौघंही तिनात एकदाच खरं बोलतात, अ म्हणतो की ब नाकारतो की क म्हणतो की ड खोटारडा आहे, तर ड खरं बोलला असण्याची शक्यता किती? एडिंग्टन म्हणाला २५/७१. दुसऱ्यांनी काढलं १३/४१. बेरीज-गुणाकार दोन्हीकडं बिनचूक, फक्त खोटं बोलणारा दर वेळी बरोबर उलटंच बोलतो असं १३/४१ वाल्यांनी धरलं होतं, एडिंग्टननं धरलं नव्हतं.