किनाऱ्यावरची पाथरी: पुळणीवरच्या पिवळ्या फुलाची पार्श्वभूमी

भरतीच्या रेषेच्या जरा वर, मर्यादवेल आणि रावणाच्या मिशा या किनारी वनस्पतींच्या मधल्या उघड्या वाळूत एक पिवळं फूल जमिनीलगत उमलतं. सूर्यफुलाच्या कुळातली ही वनस्पती बहुवर्षायू आहे आणि तिचं शास्त्रीय नाव लॉनिया सार्मेंटोझा. शेताच्या बांधावरून खुडून जिची भाजी करतात, त्या पाथरीच्याच प्रजातीतली, म्हणजे लॉनिया या गटातली ही.

कोकणच्या पुळणींना तिची गरज का आहे, ते तिच्या वाढीतच दिसतं. सोटमूळ वाळूत उभं खाली जातं. वर पानांचा झुबका असतो, त्यातून सुतळीसारखी बारीक खोडं वाळूवर धावतात, पेराशी मुळं धरतात आणि तिथं नवा झुबका तयार होतो. वाऱ्यानं उडालेली वाळू पानांत अडते. एखादा झुबका गाडला गेला, तरी पुढचा उघड्यावर असतो. अशी अडलेली वाळू साठत जाते तेव्हाच टेकाड उभं राहतं, आणि उधाणाच्या वेळी मागच्या नारळी-पोफळीच्या वाड्यांच्या पुढ्यात तेच असतं.

पूर्व आफ्रिकेपासून ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम किनाऱ्यापर्यंत, जवळजवळ साऱ्या हिंदी महासागराच्या काठानं ती आढळते. मालदीवमध्ये तिची पानं बारीक चिरून मासळी आणि ओल्या खोबऱ्याबरोबर खातात. मासळी-खोबऱ्यावर जगणाऱ्या आपल्या किनाऱ्यावर ही भाजी रुळायला हरकत नव्हती, असं मला मनापासून वाटतं.

ग्रंथांत ती आली 1794 मध्ये, बर्लिनचे वनस्पतिशास्त्रज्ञ विल्डेनोव यांच्या वर्णनातून. तेव्हा ती प्रेनँथिस या प्रजातीत होती. लॉनिया ही प्रजाती फ्रान्सच्या कासिनी यांनी 1822 मध्ये मांडली. ब्रिटिश काळातल्या भारतीय वनस्पतिकोशांत ती लॉनिया पिनाटिफिडा म्हणून सापडते. पुढे विल्डेनोव यांचं ‘सार्मेंटोझा’ हे विशेषण, म्हणजे नावातलं दुसरं पद, आधीचं म्हणून तेच कायम झालं. औषधी नोंदी अधिक जिवंत आहेत. मुंबईत औषधी वनस्पतींवर काम करणाऱ्या विल्यम डायमॉक यांनी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात लिहून ठेवलं, की गोव्यात डँडेलियन या युरोपीय औषधी वनस्पतीऐवजी हीच वापरतात. मुलांना झोप लागावी म्हणून तिचा रस देत, अशीही नोंद त्या काळची आहे.

याच शतकात किनाऱ्याचं रूप बदलायला लागलं. 1860च्या दशकात कारवारकडे जळणासाठी सुरूची लागवड सुरू झाली, पुढे आपल्या किनाऱ्यावरही सुरूबनं उभी राहिली. सुरूखाली सुयांसारख्या काड्यांचा जाड थर साचतो आणि सावली दाट पडते. उघड्या वाळूवर वाढणाऱ्या या वेलींना तिथं जागा उरत नाही. वाळूची धूप वाढली तसे दगडी धूपप्रतिबंधक बंधारे आले. लाटांपासून आडोसा म्हणून ते बांधले गेले, पण बंधारा टेकाडाच्याच जागेवर बसतो, तिथली वाळूची ये-जा तुटते आणि तिच्यावर वाढणारं सगळं जातं.

कायद्यानं टेकाडांची दखल घेतली ती 19 फेब्रुवारी 1991च्या किनारा नियमन क्षेत्र अधिसूचनेत. वाळूची टेकाडं सपाट करायला, त्यांचं रूप बदलायला तिनं मनाई केली. 2011 आणि 2019च्या अधिसूचनांनीही टेकाडांना सर्वाधिक संरक्षणाच्या वर्गात ठेवलं. पाथरीचं नाव यांत कुठं नाही, तरी तिचा आसरा तोच आहे. 3 जून 2020 रोजी निसर्ग चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर धडकलं आणि वाड्यांबरोबर सुरूचीही झाडं कोसळली. त्यानंतर पुळणीवर काय लावावं याचा विचार होतो, तिथं रोपांच्या यादीत सुरूच्या आधी मर्यादवेल आणि पाथरी यायला हवी. त्यांना खड्डेही लागत नाहीत, धावत्या खोडांचे तुकडे पावसाच्या तोंडावर वाळूत पुरले की पुरे.