करंदीची भजी, जपानी काकिआगे आणि मधे गोवा

करंदीची, म्हणजे बारक्या कोळंबीची, भजी आपण कशी करतो, बेसनात कांदा, कोथिंबीर, ओवा, तिखट, जरा तांदळाचं पीठ, सगळं हाताने कालवायचं आणि बोटांनी कढईत सोडायचं. जपानमधे याचं एक भावंड आहे, काकिआगे, म्हणजे बारकी कोळंबी नि भाज्या पिठात एकत्र करून तळलेला चपटा गोळा, टेम्पुराच (पिठात बुडवून तळलेले मासे, भाज्या) पण भज्याच्या वळणाचा. आणि गंमत म्हणजे टेम्पुरा मुळात जपानी नाहीच, तो पोर्तुगीजांनी नेला, आणि पोर्तुगीजांची तिकडची वाट गोव्यावरून जात होती.

१५४३ मधे पहिले पोर्तुगीज तानेगाशिमा बेटावर उतरले. मग १५४९ च्या एप्रिलमधे फ्रान्सिस झेवियर गोव्याहून निघाले आणि ऑगस्टमधे कागोशिमाला पोचले, हेच ते ज्यांना गोव्यात गोंयचो सायब म्हणतात आणि ज्यांचं शव जुन्या गोव्यात आहे. १५७१ पासून नागासाकी बंदर चालू झालं आणि गोवा, मकाव, नागासाकी असा व्यापार सुरू. टेम्पुरा हे नाव बहुतेक लोक 'तेंपोरा'वरून आलं म्हणतात, म्हणजे कॅथलिकांचे वर्षातून चारदा येणारे उपासाचे दिवस, तेव्हा मटण बंद आणि मासे, भाज्या चालू. (आपल्याकडे श्रावणात पहिला मासाच बंद होतो, त्यांच्याकडे उपासालाच मासा!) दुसरं मत असं की 'तेंपेरो' म्हणजे मसाला, त्यावरून.

मग आपली भजीच जहाजात बसून तिकडे गेली का? मला नाही वाटत. पोर्तुगालमधे आजही फरसबी गव्हाच्या पिठात बुडवून तळतात, तिला म्हणतात 'मळ्यातले छोटे मासे', टेम्पुरा त्या घराण्यातला, बेसनाचा त्यात काही संबंध नाही. हां, पाव मात्र दोघांनी एकाच दुकानातून घेतला, जपानीत ब्रेडला 'पान' म्हणतात, आपला पाव आणि त्यांचा पान दोन्ही पोर्तुगीज.

१६३९ मधे जपानने पोर्तुगीजांना बंदी घातली, पण तळण राहिलं. त्याआधी १६१६ मधे जपानचा माजी शोगुन, म्हणजे लष्करी सत्ताधीश, तोकुगावा इयेयासू तळलेला मासा खाऊन आजारी पडला आणि काही महिन्यांनी वारला, त्याचं खापर लोक अजून टेम्पुरावर फोडतात, बिचारा आधीच म्हातारा होता. एदोमधे म्हणजे आताच्या टोकियोत लाकडी घरं, १६५७ च्या आगीत निम्म्याहून जास्त शहर गेलेलं, त्यामुळे उकळत्या तेलाची कढई घरात कोणाला नको, मग टेम्पुरा रस्त्यावरच्या गाड्यांवर फोफावला. समोरच्या खाडीतली कोळंबी आणि मासे काडीला टोचून तळायचे, वाडग्यातल्या सॉसमधे बुडवायचे, वर किसलेला मुळा, आणि उभ्याउभ्या खायचं, आपल्या वडापावच्या गाडीसारखंच.

घरी करताना खरा फरक पिठातच कळतो. बेसनात ग्लूटेन नाही म्हणून कितीही फेटा, उलट भजी हलकी होते. गव्हाचं पीठ फेटलं की चिवटपणा येतो, म्हणून ते लोक बर्फाचं पाणी घेतात, चॉपस्टिकने चारदोनदा ढवळतात आणि गुठळ्या राहिल्या तरी सोडून देतात. मी पहिल्यांदा सवयीने मैदा बेसनासारखा घोटला, वर करंदी नीट निथळली नव्हती, तेल असं उडालं की मी झारा टाकून दाराशी, आणि जे तळून निघालं ते रबर. आता करंदी फडक्यावर पसरून कोरडी करते, सुकं पीठ भुरभुरवते, मग पातळ पिठात घालून झाऱ्यावरून अलगद तेलात सरकवते, १७० अंशाच्या आसपास.

नागासाकीचा टेम्पुरा मात्र अजून वेगळा, तिथे पीठ जाड असतं, मीठ साखर पिठातच घालतात आणि सॉसशिवाय खातात. आमच्या घरात तोच चालतो, बाकीच्याला सगळे विचारतात चटणी कुठाय.