यॉर्गोस लँथिमॉस आला कुठून?

'पुअर थिंग्ज' या सिनेमानंतर आपल्याकडे बऱ्याच जणांनी लँथिमॉस या ग्रीक दिग्दर्शकाचं नाव पहिल्यांदा ऐकलं आणि लगेच ठरवूनही टाकलं की हा माणूस नुसता धक्के द्यायला सिनेमे काढतो. मला हे अजिबात पटत नाही, म्हणून जरा मागे जाऊया.

जन्म १९७३ चा, अथेन्समधला. वडील बास्केटबॉलपटू, ग्रीसकडून खेळलेले. फिल्म स्कूल अथेन्समध्येच केलं, पण तेव्हा बाहेरच्या जगाला ग्रीक सिनेमा म्हणजे थिओ अँजेलोपोलोस एवढंच माहीत, ते लांबलचक शॉट्स, धुकं, इतिहास, मग नव्या पोराच्या सिनेमात पैसे घालणार कोण, म्हणून हा वर्षानुवर्षं जाहिराती, म्युझिक व्हिडिओ, डान्सचे व्हिडिओ आणि नाटकं करत राहिला, २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकच्या ओपनिंग आणि क्लोजिंग सेरेमनीच्या टीममध्येही होता. त्याच्या सिनेमात माणसं मध्येच विचित्र नाचायला लागतात ना, त्याचं मूळ मला तरी या डान्सच्या कामातच दिसतं.

२००५ चा 'किनेट्टा' फार कुणी पाहिला नाही. खरी गोष्ट सुरू होते २००९ च्या 'डॉगटूथ'पासून. आईबाप आपल्या तीन मोठ्या झालेल्या मुलांना कंपाउंडबाहेर पाऊलच टाकू देत नाहीत, शब्दांचे खोटे अर्थ शिकवतात (समुद्र म्हणजे खुर्ची!), मांजर हा सगळ्यात खतरनाक प्राणी, आणि सुळा पडला की मगच घर सोडायचं, आणि तो पडणार कसा हो. अगदी थोड्या पैशात, मित्रमंडळींच्या जोरावर झालेला सिनेमा, सोबत लिहायला एफ्थिमिस फिलिप्पू. फ्रान्सच्या कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये 'अं सर्तँ रगार' या विभागाचं मुख्य बक्षीस आणि पुढे ऑस्कर नॉमिनेशन.

यावर एक गैरसमज कायम ऐकू येतो, की हा सिनेमा ग्रीसच्या आर्थिक संकटावर आहे. पण कानला तो मे २००९ मध्ये दाखवला आणि सरकारी तुटीचे खरे आकडे बाहेर आले त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात! मुळात विषय घराचा होता, कुटुंब टिकवायच्या नावाखाली माणूस कुठपर्यंत जाईल याचा, आणि देश बुडायला लागल्यावर लोकांना त्यात देश दिसला.

नंतर तो लंडनला गेला कारण ग्रीसमध्ये दरवेळी मित्रांकडून फुकट काम किती करून घेणार. 'द लॉब्स्टर' (२०१५) इंग्लिशमध्ये, त्याला कानचं ज्युरी प्राइझ. मग 'द फेव्हरिट'ला १० ऑस्कर नॉमिनेशन्स आणि ऑलिव्हिया कोलमनला बेस्ट अॅक्ट्रेस, 'पुअर थिंग्ज'ला २०२३ चा व्हेनिस फेस्टिव्हलचा गोल्डन लायन, म्हणजे तिथलं सर्वोच्च बक्षीस, आणि चार ऑस्कर, एमा स्टोनचं त्यातलं एक.

पण नीट बघा, 'द लॉब्स्टर'मधलं हॉटेल असो, 'द फेव्हरिट'मधला राणीचा महाल असो की 'पुअर थिंग्ज'मधला डॉक्टरचा बंगला, प्रत्येक वेळी एक बंद जागा आहे, तिथले नियम कुणीतरी एकाने ठरवलेत आणि बाकीचे ते इमानदारीत पाळतायत, त्यातला हिंसाचार आणि सेक्स अंगावर येतो तो हे नियम असे पाळण्यामुळे. 'पुअर थिंग्ज'ची नायिका बेला मात्र दार उघडून चक्क जग बघायला जाते, म्हणून तो मला त्याचा सगळ्यात मोकळा सिनेमा वाटतो. २०२४ च्या 'काइंड्स ऑफ काइंडनेस'मध्ये फिलिप्पू परत आला आणि पहिल्याच गोष्टीत बॉस ठरवतो की नोकराने काय खायचं, काय प्यायचं आणि बायकोसोबत कधी झोपायचं.