ऋतुजा की ऋजुता?

भाचीचा जन्मदाखला घरी आला आणि ताईने तो वाचून तसाच माझ्यापुढे धरला. अर्जात नाव लिहिलं होतं ऋजुता. दाखल्यावर छापून आलं होतं ऋतुजा. विचारायला गेलो तर खिडकीपलीकडून उत्तर मिळालं, "एकच ना हो दोन्ही?"

एकच नाहीत. पण असं का वाटतं, ते कळण्यासारखं आहे. दोन्ही नावं कागदावर एकाखाली एक लिहून बघा. ऋ-तु-जा. ऋ-जु-ता. पहिलं अक्षर तेच, पुढचा उकार आणि शेवटचा आकार आपापल्या जागी. फक्त त आणि ज यांनी जागा बदलल्या आहेत. व्याकरणात अशा अदलाबदलीला वर्णविपर्यय म्हणतात. 'चिकटणे'चं 'चिटकणे' होतं किंवा 'नुकसान'चं 'नुस्कान' होतं, ते याच खोडीमुळे. तिथे अर्थ शाबूत राहतो, इथे मात्र सगळा अर्थच बदलतो.

ऋतुजा हा सरळ समास आहे: ऋतु आणि जा. यातला 'जा' म्हणजे जन्मलेली. गिरिजा, शैलजा, जलजा, अनुजा या नावांतला 'जा' हाच. म्हणून ऋतुजा म्हणजे ऋतूपासून किंवा ऋतूत जन्मलेली. 'ऋतूंची राणी' असाही अर्थ सांगितला जातो, पण या शब्दात राणी कुठेच नाही. ऋतूंचा राजा आहे तो ऋतुराज, म्हणजे वसंत. गीतेच्या दहाव्या अध्यायात 'ऋतूनां कुसुमाकरः' म्हटलंय तोच. त्याची सावली बहुधा ऋतुजावर पडली असावी. ऋतू हा शब्द ऋ या धातूपासून आला, आणि त्याचा अर्थ जाणे. जो जातो आणि ठरल्या वेळी परत येतो, तो ऋतू. विश्वाची शिस्त या अर्थाचा वेदांतला 'ऋत' हा शब्दही याच कुळातला. ऋग्वेदाच्या चौथ्या मंडलात 'अब्जा गोजा ऋतजा अद्रिजा ऋतम्' अशी एक सुंदर ओळ आहे. तिथे शब्द आहे ऋतजा, म्हणजे ऋतापासून जन्मलेला. एका उकाराचा फरक, पण ऋतजा वेगळा आणि ऋतुजा वेगळी. पावसाळ्यात किंवा वसंतात मुलगी झाली म्हणून ऋतुजा ठेवलं, तर ते नाव अगदी चपखल बसतं.

ऋजुताची गोष्ट निराळी. हा समासच नाही. ऋजु म्हणजे सरळ, आणि 'ता' हा भाववाचक प्रत्यय. मधुर-मधुरता, नम्र-नम्रता, तसं ऋजु-ऋजुता. म्हणजे सरळपणा, मनात एक आणि ओठांवर दुसरं नसणं. हा शब्द किती जुना आहे ते पाहायचं असेल तर ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलातलं नव्वदावं सूक्त उघडा. त्याची सुरुवातच 'ऋजुनीती नो वरुणो मित्रो नयतु विद्वान्' अशी आहे. जाणत्या वरुण आणि मित्र या देवांनी आम्हाला सरळ वाटेने न्यावं, ही ती मागणी. जन्मलेल्या मुलीसाठी याहून वेगळं काय मागणार, असं मला ही ओळ वाचताना दर वेळी वाटतं.

याच ऋजुचं एक भावंड आपण रोज वापरतो आणि ओळखत नाही. ऋजुपासून संस्कृतात 'आर्जव' झालं. ऋजुता आणि आर्जव या दोहोंचा अर्थ एकच, सरळपणा. गीतेच्या तेराव्या अध्यायात ज्ञानाची लक्षणं सांगताना 'अहिंसा क्षान्तिरार्जवम्' येतं, आणि सोळाव्याच्या पहिल्याच श्लोकात दैवी गुणांमध्ये ते पुन्हा येतं. मराठीत मात्र आर्जव म्हणजे विनवणी, अजीजी. 'तो आर्जवाने म्हणाला' असं वाचलं की हात जोडलेला माणूस डोळ्यांपुढे येतो, ताठ कण्याचा नाही. मराठीच्या रोजच्या बोलण्यात आर्जवचा मूळ अर्थ मागे पडला, ऋजुतामध्ये तो टिकून आहे. मला हे नाव जास्त जवळचं वाटतं ते म्हणूनच.

आता लिहिण्याचं. दोन्ही नावं ऋ या स्वराने सुरू होतात. मराठीत ऋचा उच्चार 'रु'च्या जवळ जातो, हिंदीत 'रि'च्या. त्यामुळे नावांच्या याद्यांतून रितुजा, रुतुजा, रिजुता, रुजुता अशी सगळी रूपं सापडतात. कानाला रुतुजा आणि ऋतुजा सारखीच लागतात, पण र लिहिला की शब्द मुळापासून तुटतो आणि भलत्याच शब्दांना जाऊन चिकटतो. रुतणे म्हणजे टोचून आत जाणे. संस्कृतात रुजा म्हणजे वेदना, रोग. 'कामावर रुजू झाला' यातला रुजू तर अरबीतून आलेला. रुजुतामध्ये 'रुजणे' दिसतं आणि ते गोडही वाटतं, पण ऋजुतेचा त्याच्याशी संबंध नाही. कुणी आवडीने र लिहीत असेल तर त्यांच्या लेकीच्या नावाचा मान मी ठेवीनच. मला विचारलं तर मात्र मी ऋच लिहायला सांगेन.

मधल्या उकाराकडेही लक्ष हवं. मराठीत ऋतू आणि ऋजू हे शब्द एकटे असले की शेवटचा उकार दीर्घ, पण समास झाला किंवा 'ता'सारखा संस्कृत प्रत्यय लागला की तो ऱ्हस्व होतो: ऋतुचक्र, ऋतुराज, ऋतुजा, ऋजुता. म्हणून ऋतूजा किंवा ऋजूता नको. आणि हाक मारताना ऋजुतातला जु 'अर्जुन'मधला, 'जुना'मधला नव्हे.

दाखल्यातली अशी चूक कशी दुरुस्त होते, तेही सांगतो, कारण ते कुणाच्या तरी उपयोगी पडेल. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम 1969 च्या कलम 15 नुसार चुकीची नोंद दुरुस्त करता येते. मूळ नोंद खोडत नाहीत, तिच्या बाजूच्या मोकळ्या जागेत दुरुस्ती लिहितात. हे लवकर केलेलं बरं. 1 ऑक्टोबर 2023 रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांसाठी शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत जन्मतारखेचा आणि जन्मस्थळाचा पुरावा म्हणून हाच दाखला चालतो, आणि त्यावरचं नावच पुढे सगळीकडे जातं. अर्ज भरताना नाव सुटं सुटं, ठळक लिहा, आणि छापण्याआधी पडद्यावर दाखवत असतील तर एकेक अक्षर मोठ्याने वाचा. आम्ही ते केलं नव्हतं.

भाचीला घरात सगळे ऋजू म्हणतात. पूर्ण नावाने बोलायची वेळ आली की आणखी एक बारीक गंमत कळते. गुणाबद्दल बोलताना शब्द वाकतो, 'ऋजुतेने वागावं'. नाव मात्र वाकत नाही, 'ऋजुताने दूध सांडलं'. ताईच्या तोंडी दिवसभर दुसरं वाक्य असतं.